फक्त टीव्हीसाठी संगीत करून जर्मनीत आयुष्य काढता येतं का?

तुम्ही विचारलंय की जर्मनीत निव्वळ टीव्हीचं संगीत करून कुणी मोठं झालंय का, आणि त्यावर घर चालतं का. मी बरीच वर्षं म्युनिकमध्ये राहतोय, म्हणून माझ्या आवडत्या माणसाबद्दल सांगतो : क्लाउस डोल्डिंगर.

इथे रविवारी रात्री सव्वाआठला बातम्या संपल्या की 'टाटोर्ट' ही पोलीस मालिका लागते. २९ नोव्हेंबर १९७० ला पहिला भाग दाखवला गेला, आणि शीर्षकाची धून आजही डोल्डिंगर यांचीच आहे. जेमतेम अर्धा मिनिट. आपल्या मालिकांना शीर्षकगीत असतं, शब्दच निम्मं काम करतात. इथे शब्द नाहीत. पडद्यावर दोन डोळे, नेम धरणारं वर्तुळ आणि पळणारे पाय दिसतात, आणि पळण्याची धाप सगळी तालात आहे. मूळ ध्वनिमुद्रणात ड्रम्स वाजवले होते उडो लिंडेनबर्ग यांनी. पुढे ते जर्मन रॉकमधलं केवढं मोठं नाव झाले!

हा ताल टीव्हीच्या दुनियेतून आलेलाच नाही. डोल्डिंगर यांचा जन्म १९३६ चा, बर्लिनमधला. युद्ध संपलं तेव्हा ते बव्हेरियात होते. तिथे अमेरिकन सैनिकांचा जॅझ कानावर पडला आणि त्या नऊ वर्षांच्या मुलाला त्याने कायमचं धरून ठेवलं. पुढे ड्युसेलडॉर्फच्या संगीतविद्यालयात पियानो आणि क्लॅरिनेटचं रीतसर शिक्षण झालं, पण वाद्य म्हणून ओळख झाली ती सॅक्सोफोनची. 'टाटोर्ट'नंतर वर्षभरात, १९७१ मध्ये, त्यांनी 'पासपोर्ट' हा बँड काढला आणि पुढची कित्येक दशकं त्याच्यासोबत मैफली केल्या. १९८१ च्या 'दास बूट' या पाणबुडीच्या चित्रपटाचं संगीतही त्यांचंच. १९८५ मध्ये तो टीव्हीवर तीन भागांत आला. त्यातली मुख्य धून ऐका. मोजके, जड स्वर, आणि तरी छातीवर समुद्राचं ओझं आल्यासारखं वाटतं.

म्हणून तुमच्या पहिल्या प्रश्नाला माझं उत्तर : मोठे झाले, पण 'निव्वळ टीव्ही' करून नाही. मंच सुटला असता तर ती धून इतकी जिवंत झाली नसती, असं मला मनापासून वाटतं.

पैशाचं म्हणाल, तर इथे गेमा नावाची संस्था आहे. सभासद संगीतकाराची रचना प्रसारित झाली की वाहिन्यांकडून आलेल्या पैशांतला वाटा ती त्याला देते. म्हणजे धून एकदाच विकून मोकळं व्हायचं नसतं. आपल्याकडेही २०१२ च्या कॉपीराइट दुरुस्तीनंतर रॉयल्टीतला संगीतकाराचा वाटा करारात लिहून घेऊनही काढून घेता येत नाही. तुम्ही मालिकेचं काम घेणार असाल तर आधी आयपीआरएस या आपल्याकडच्या गेमासारख्या संस्थेचे सभासद व्हा, आणि करारातलं रॉयल्टीचं कलम वाचल्याशिवाय सही करू नका.

डोल्डिंगर ऑक्टोबर २०२५ मध्ये गेले, ८९ व्या वर्षी. सुरुवात 'टाटोर्ट'पासून करा, पण चांगला हेडफोन लावून; मोबाइलच्या स्पीकरवर बासचा सगळा खेळ हरवतो.