टायमिंगचा अर्ज पडून आहे, कोर्टात जाऊ का?

प्रश्न : डिचोली–म्हापसा मार्गावर माझी खासगी बस आहे. सकाळी माझ्या पाच मिनिटं आधी दुसरी बस सुटते आणि अस्नोड्यापर्यंतचे सगळे प्रवासी तीच उचलते. वेळ बदलून मिळावी म्हणून अर्ज देऊन आठ महिने झाले. विचारलं की एकच उत्तर, ‘फाईल साहेबांकडे आहे.’ हायकोर्ट मला वेळ लावून देईल का? – एक बसमालक, डिचोली

उत्तर : नाही देणार. टायमिंग ठरवणं हे परिवहन प्राधिकरणाचं काम. कोर्ट त्यांना एवढंच बजावतं, की अर्ज अमुक मुदतीत निकाली काढा. मंजूर करा नाहीतर नामंजूर, पण काढा.

मोटार वाहन कायदा, १९८८ मधलं कलम ८९ चं अपील आणि कलम ९० ची फेरतपासणी, दोन्हींना आधी आदेश लागतो. तुमच्याकडे आदेशच नाही. म्हणून घटनेच्या कलम २२६ खाली पर्वरीला, मुंबई उच्च न्यायालयाच्या गोवा खंडपीठात रिट याचिका. केरळात खासगी बसेस भरपूर, तिथल्या हायकोर्टात असल्या याचिका नेहमीच्याच.

पण वकिलाकडे जाण्याआधी कपाट उघडा. अर्जाच्या तुमच्या प्रतीवर शिक्का, तारीख, आवक क्रमांक आहे का? बसवाले परमिट जिवापाड जपतात आणि पोचपावती डॅशबोर्डवर उन्हात टाकतात, हा माझा नेहमीचा अनुभव. काउंटरवरचं बोलणं कोर्टात चालत नाही. पोच नसेल तर जुन्या अर्जाची प्रत जोडून लेखी स्मरणपत्र द्या आणि त्यावर पोच घ्या. सोबत दहा रुपये भरून माहिती अधिकारात फाईलवरच्या टिपणांच्या प्रती मागा. तीस दिवसांत उत्तर यायला हवं. पुष्कळदा या अर्जानेच फाईल हलते आणि माझी फी वाचते. वाचू दे.

तुमच्या आधी सुटणाऱ्या, पुढच्या बसवाल्याला टाळू नका. ‘संबंधितांना ऐकून निर्णय द्यावा’ असं याचिकेत आपणच मागा. त्याला न ऐकता वेळ मंजूर झाली, तर तोच आदेश फिरवायला तो धावेल. तोवर परस्पर नव्या वेळेला गाडी काढू नका. वेळापत्रक परमिटच्या अटींत येतं आणि अट मोडली तर कलम ८६ खाली परमिट निलंबित होऊ शकतं, रद्दही. पुढचा बसवाला तक्रार करायला टपलेलाच असेल.

अर्ज फेटाळला गेला तर तो आदेश घेऊन राज्य परिवहन अपील न्यायाधिकरणाकडे जा. अपील की फेरतपासणी, ते आदेश वाचून ठरेल. कोर्टाने दिलेली मुदतही कार्यालयाने घालवली, तर अवमान याचिका. तिला एक वर्षाची मर्यादा आहे, तेव्हा ‘पुढच्या आठवड्यात या’ ऐकत बसू नका.