मोबदला कमी मिळाला, तर थेट हायकोर्टात जाता येते का?

प्रश्न : मी लालबागला राहतो. रायगड जिल्ह्यातील आमची वडिलोपार्जित शेतजमीन २०१३ च्या भूसंपादन कायद्याखाली गेली. निवाड्यातील, म्हणजे जिल्हाधिकाऱ्यांच्या मोबदला ठरविणाऱ्या आदेशातील, दर फारच कमी आहे. मुंबई उच्च न्यायालयात अपील करावे काय?

उत्तर : थेट नाही. प्रथम कलम ६४ प्रमाणे जिल्हाधिकाऱ्यांकडे अर्ज करून प्रकरण भूसंपादन प्राधिकरणाकडे (मोबदल्याचे वाद ऐकणाऱ्या यंत्रणेकडे) पाठविण्याची मागणी करावी लागते. निवाड्याच्या वेळी आपण हजर असाल, तर त्यासाठी त्या तारखेपासून सहाच आठवडे मिळतात. प्राधिकरणाच्या निर्णयाविरुद्ध मात्र कलम ७४ नुसार ६० दिवसांत उच्च न्यायालयात अपील करता येते आणि पुरेसे कारण दाखविल्यास आणखी ६० दिवसांपर्यंतचा विलंब माफ होऊ शकतो.

त्याआधी एक गोष्ट तपासा. रक्कम उचलताना पावतीवर ‘हरकत राखून स्वीकारली’ असा शेरा आपण लिहिला होता का? मुकाट्याने पैसे घेणाऱ्यास कलम ७७ मुळे वरील अर्जच करता येत नाही, आणि आमच्या मते नामांकित वकिलापेक्षाही ही एक ओळ मोलाची आहे. पुरावा म्हणून शेजारच्या तशाच जमिनींची, संपादन प्रस्तावित झालेल्या वर्षाच्या लगतपूर्वीच्या तीन वर्षांतील नोंदणीकृत खरेदीखते दुय्यम निबंधक कार्यालयातून मिळवावीत.