नव्या नाटकाच्या तालमी सुरू झाल्यावर नाटककाराचं काम काय उरतं?

उरतं कसलं, तिथून दुसरं लेखन सुरू होतं. 'शांतता! कोर्ट चालू आहे' (१९६७) घ्या. त्यातली नायिका बेणारेबाई, तिचं ते गाजलेलं स्वगत विजय तेंडुलकरांच्या मूळ लेखनात नव्हतं, तालमी चालू असताना लिहिलं गेलं. दिग्दर्शक अरविंद देशपांडे यांचा आग्रह होता, बेणारेच्या भूमिकेत होत्या सुलभा देशपांडे. नाटकातलं लुटुपुटीचं कोर्ट बेणारेला बोलायला दहा सेकंद देतं, बाकीची पात्रं थिजतात आणि ती बोलते. ती जागा कागदावर रिकामी होती. नटी उभी राहिल्यावर ती खुपायला लागली असणार, असा माझा अंदाज.

आमच्या हौशी ग्रुपमधला अनुभव याच जातीचा, अर्थात फार लहान मापाचा. माझ्या एकांकिकेत बाप मुलाला चार ओळी सुनावतो. नट दरवेळी तिसऱ्या ओळीला अडखळायचा. मला वाटलं पाठांतर कच्चं. एकदा तो नुसताच चष्मा पुसत बसला, आणि तालमीच्या खोलीत कुणी हललं नाही. चारही ओळी कापल्या. (दोन दिवस जीव जळला, खोटं कशाला बोलू!)

एकच पथ्य: बदल नटांना थेट सांगू नका, दिग्दर्शकामार्फत जाऊ द्या. आणि रंगीत तालमीनंतर पेन खिशात.