वाचकांचे प्रश्न : कर्णधार लुईस

प्रश्न : अमेरिकी महाविद्यालयीन फुटबॉलमधील विल्यम हेन्री लुईस यांची कारकीर्द कशी होती? (एक वाचक, नाशिक रोड)

उत्तर : नाशिकच्या मैदानांवर दिसणाऱ्या फुटबॉलहून हा खेळ वेगळा असून त्यात चेंडू हातात घेऊन धावतात. पूर्वी गुलाम असलेल्या आई-वडिलांच्या पोटी १८६८ मध्ये जन्मलेले लुईस १८९१ मध्ये ॲमहर्स्ट महाविद्यालयाच्या संघाचे कर्णधार झाले आणि पुढे हार्वर्डमध्ये कायदा शिकताना ‘सेंटर’ या जागी, म्हणजे चेंडू मागे देऊन लगेच प्रतिस्पर्ध्याला अडवणाऱ्या मधल्या जागी, खेळले. १८९२ व १८९३ मध्ये ते ऑल-अमेरिकन संघात, म्हणजे देशभरातील सर्वोत्तम महाविद्यालयीन खेळाडूंच्या मानाच्या यादीत, निवडले गेले; हा मान मिळवणारे ते पहिले कृष्णवर्णीय खेळाडू होत. आमच्या मते त्यांची पुढील वाटचालही तितकीच मोलाची आहे, कारण हार्वर्डच्या खेळाडूंना अनेक वर्षे प्रशिक्षण देणारे लुईस १९११ मध्ये अमेरिकेचे सहायक महान्यायवादी झाले.