ओळखीचे चेहरे, न झालेली ओळख

प्रिय ताई,

निवृत्तीनंतर तुम्ही रोज सकाळी बागेत फिरायला जाता, तेच ते चेहरे दिसतात, पण कोणाशी शब्दही बोलणे होत नाही आणि ‘उद्या मी आले नाही तर कोणाच्या लक्षातही येणार नाही’ या विचाराने मन खिन्न होते, असे तुम्ही लिहिले आहे. या वाक्याने मला फार अस्वस्थ केले; मात्र ते खरे आहे, असे मला वाटत नाही.

त्याच पत्रात तुम्ही ओघात लिहून गेला आहात की, झाडांना पाणी घालणारा माळी तुम्ही जवळ येताच नळी बाजूला वळवतो आणि तुम्ही पुढे गेल्यावरच पुन्हा पाणी सोडतो. ताई, त्याने तुमची दखल कधीच घेतली आहे.

अमेरिकी मानसशास्त्रज्ञ स्टॅनली मिलग्रॅम यांनी १९७२ मध्ये अशाच न बोलणाऱ्या परिचितांविषयी लिहिले. रेल्वेच्या फलाटावर रोज उभ्या राहणाऱ्या प्रवाशांना त्यांनी सहप्रवाशांची छायाचित्रे दाखवली, तेव्हा बहुतेकांनी निदान एक तरी असा चेहरा ओळखला, ज्याच्याशी ते कधीच बोलले नव्हते. हे मौन जितके लांबते तितके मोडणे अवघड होते. मात्र नेहमीच्या क्रमात काही वेगळे घडले, की तीच माणसे सहज बोलू लागतात, हेही त्यांनी नोंदवले. म्हणून अवचित आलेली सर, वाऱ्याने मोडून पडलेली फांदी, अशी निमित्ते वाया घालवू नका.

माळ्यासाठी तर निमित्तही नको. उद्या कानातले इअरफोन काढून ठेवा, त्याच्यापाशी थांबा आणि तो ज्या झाडाला पाणी घालत असेल त्याला बहर कधी येतो, एवढेच विचारा. स्वतःविषयी सांगण्याची घाई करू नका, कारण पहिल्याच भेटीत मन मोकळे केले तर समोरचा माणूस संकोचतो. फिरण्याची वेळ आणि वाट तीच ठेवा, म्हणजे ओळख वाढायला अवधी मिळेल. एखाद्याने नुसती मान हलवली, तर तो नकार समजू नका. कित्येकांना सकाळी तेवढेच जमते.

बागेतल्या ओळखी जिवलग मैत्रिणीची जागा घेतीलच असे नाही, आणि ती अपेक्षा त्यांच्यावर लादूही नये. ही खिन्नता दिवसभर टिकत असेल, झोप किंवा भूक मंदावली असेल, तर मात्र डॉक्टरांना अवश्य भेटा. माळ्याशी काय बोलणे झाले, ते मला जरूर कळवा.