अस्मिता, ओळख आणि 'प्रकृती'चा घोळ

प्रश्न असा आलाय: 'एका इंडिपेंडंट फिल्ममेकरचा परिचय लिहितेय. आयडेंटिटी, सेक्शुअ‍ॅलिटी आणि नेचर हे त्याचे विषय. "स्वतंत्र चित्रपटकर्ता अस्मिता, लैंगिकता आणि प्रकृतीचा शोध घेतो" हे वाक्य चालेल का?'

लैंगिकता राहू द्या, बाकीचं बदला.

आधी 'प्रकृती'. हिंदीत प्रकृती म्हणजे झाडं-डोंगर, पण मराठीत प्रकृती बिघडते, सुधारते, तोळामासा असते. तुमचं वाक्य वाचून मला थर्मामीटर आठवला. इथे निसर्गच हवा.

'अस्मिता'चं मूळ खरं तर तुमच्याच बाजूचं आहे: अस्मि, म्हणजे 'मी आहे'. योगसूत्रांत ती पाच क्लेशांपैकी, म्हणजे मनाला पिडणाऱ्या दोषांपैकी, एक. पण आजच्या मराठीत अस्मिता एकट्या माणसाची उरलेलीच नाही. ती प्रांताची, भाषेची, जातीची असते. दुखावते, डिवचली जाते, निवडणुकीच्या आसपास जागी होते. एखाद्याने घरच्यांपासून 'अस्मिता लपवली' असं कुणी म्हणत नाही. ओळख मात्र लपवता येते, पटते, पुसली जाते. शिवाय ओळखायला समोर दुसरं कुणीतरी लागतं. 'रस्त्यात भेटला, पण ओळख दाखवली नाही' या साध्या वाक्यात केवढं नाट्य आहे! अशा सिनेमाला याहून नेमका शब्द मिळणार नाही.

फक्त 'लैंगिक ओळख' असा जोडशब्द करताना जपा. 'लैंगिक शिक्षण'मधलं लैंगिक वेगळं, 'लैंगिक समानता'मधलं वेगळं. दोन्ही ओझी एकाच विशेषणावर. स्त्री, पुरुष की आणखी काही, हा मुद्दा असेल तर 'लिंगभाव' म्हणा. कुणाबद्दल ओढ वाटते हे सांगायचं असेल तर 'लैंगिक कल'. लैंगिकतेत हा कलही येतो, शरीर, इच्छा आणि संकोचही येतात.

'स्वतंत्र'ची गंमत वेगळीच. स्वतंत्र नाटक म्हणजे रूपांतर किंवा अनुवाद नसलेलं नाटक, हा अर्थ मराठी वाचकाच्या कानात पक्का आहे. तेव्हा 'मोठ्या स्टुडिओच्या पैशाविना सिनेमे करणारा' असं एकदा सरळ लिहा, मग खुशाल स्वतंत्र म्हणा. ('इंडी' लिहिलंत तरी माझी तक्रार नाही.)

आणि 'शोध घेतो' नको. शोध पोलीस घेतात, हरवलेल्या वस्तूचा घेतात.

एक सांगायचं राहिलं. लैंगिकतेशेजारी निसर्ग आला की मराठी वाचकाला 'अनैसर्गिक' आठवतंच. १८६० च्या दंड संहितेतल्या कलम ३७७ मध्ये 'निसर्गक्रमाविरुद्ध' अशा अर्थाची भाषा होती. प्रौढांचे संमतीचे समलिंगी संबंध त्यातून सुटले ते २०१८ मध्ये, सर्वोच्च न्यायालयाच्या निकालाने. म्हणून 'निसर्ग' वाक्याच्या शेपटीला टांगू नका, पुढे आणा: 'निसर्ग, ओळख आणि लैंगिकता यांभोवती त्याचे सिनेमे फिरतात.'

प्रकृती वापरायचीच हौस असेल, तर 'व्यक्ती तितक्या प्रकृती' हे लेखाचं शीर्षक करा. तिथे ती शोभेल.