दक्षिण आफ्रिकेतल्या क्रूगर राष्ट्रीय उद्यानात पहिल्यांदा जातोय, मुक्काम स्कुकुझातच करावा का?

दोनच रात्री असतील तर हो, बिनधास्त करा. स्कुकुझा हा क्रूगरमधला सगळ्यात मोठा कॅम्प आणि उद्यानाचं मुख्यालयही तिथंच. त्यामुळे पेट्रोल पंप, दुकान, दवाखाना, जवळच विमानतळ, अगदी गोल्फ कोर्ससुद्धा! जंगलात गाव वसल्यासारखं वाटतं, सुट्टीत गर्दीही होते. निवांतपणाच हवा असेल तर छोटा कॅम्प बघा.

पण जागा नामी आहे. कॅम्प साबी नदीच्या काठावर आहे आणि तिथून लोअर साबी या दुसऱ्या कॅम्पकडे जाणारा डांबरी रस्ता बराचसा नदीच्या कडेकडेनं जातो. बिबट्या दिसायची शक्यता या पट्ट्यात चांगली. फाटक उघडताक्षणी गाडी बाहेर काढा, उन्हं चढली की जनावरं सावली धरतात. वेग डांबरीवर ताशी ५०, कच्च्या रस्त्यावर ४० ची मर्यादा. संध्याकाळी फाटक बंद व्हायच्या आत परतायलाच हवं, नाहीतर दंड. वेळा महिन्यागणिक बदलतात, त्या आधी बघून ठेवा.

दुपारी स्कुकुझाजवळच्या लेक पॅनिक या तळ्याकाठच्या लपणात (आडोशाला बसून पक्षी-प्राणी बघायची जागा) जाऊन बसा. समोरच्या पाण्यात पाणघोडे, मगरी आणि खंड्या. नशिबात असेल तर एखादा हत्तीही.

माकडांपासून मात्र सांभाळा. व्हरांड्यात ब्रेडचं पाकीट ठेवून आत चहा आणायला गेलात की ते गेलंच समजा. आणि मलेरियाच्या गोळ्यांचं निघण्याआधीच डॉक्टरांना विचारा.